दारूच्या दुकानाची अनुज्ञप्ती : वाद, अपील आणि न्यायालय

गावातील दारूचे दुकान बंद करावे, असा आग्रह महिला धरतात. सह्या गोळा होतात, मतदान होते आणि जिल्हाधिकारी दुकान बंद करण्याचा आदेश देतात. गावात समाधानाचे वातावरण पसरते. परंतु काही आठवड्यांतच त्या आदेशास स्थगिती मिळते आणि दुकानाचे दार पुन्हा उघडते. हा प्रसंग अनेक गावांच्या परिचयाचा आहे. अशा वेळी "वरच्यांनी दारूची बाजू घेतली" अशी गावकऱ्यांची समजूत होते. दुसऱ्या बाजूस, ज्याची अनुज्ञप्ती रद्द झाली त्या दुकानदारास आपला धंद्याचा हक्कच हिरावून घेतला गेला असे वाटते.

या दोन्ही समजुती बहुधा चुकीच्या असतात. दारू चांगली की वाईट, याचा निवाडा न्यायालय करीत नाही. निर्णय घेणाऱ्या अधिकाऱ्यास तसा अधिकार होता काय, त्याने संबंधितांचे म्हणणे ऐकले काय, आणि कायद्याने सांगितलेल्या रीतीने तो निर्णयाप्रत आला काय, हे न्यायालय तपासते. म्हणूनच पुष्कळदा हेतू चांगला असूनही आदेश टिकत नाही. तो का टिकत नाही हे अधिकारी, शिक्षक आणि पंचायतीचे सदस्य यांनी समजून घेणे अगत्याचे आहे.

कायद्याची चौकट

राज्यातील मद्यविक्रीचे नियमन १९४९ च्या दारूबंदी अधिनियमान्वये होते. मुंबई दारूबंदी अधिनियम या नावाने झालेला हा कायदा आता महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम म्हणून ओळखला जातो. नाव दारूबंदीचे असले तरी त्याची रचना अशी आहे की, मद्याची निर्मिती, वाहतूक, विक्री व सेवन यांस सर्वसाधारण मनाई करावयाची आणि अनुज्ञप्ती वा परवाना देऊन त्या मनाईस मर्यादित अपवाद करावयाचा. विदेशी मद्यासाठी १९५३ चे, तर देशी दारूसाठी १९७३ चे नियम करण्यात आले. बोलीभाषेत दुकानाचा 'परवाना' म्हटले जाते. कायद्याच्या भाषेत मात्र विक्रेत्यास मिळते ती अनुज्ञप्ती आणि सेवन करणाऱ्यास मिळतो तो परवाना.

या कायद्याची घटनात्मक कसोटी लवकरच लागली. मुंबई राज्य विरुद्ध एफ. एन. बलसारा या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने २५ मे १९५१ रोजी निर्णय दिला. औषधी व प्रसाधनाच्या मद्यार्कयुक्त पदार्थांविषयीच्या काही तरतुदी न्यायालयाने अवैध ठरविल्या. परंतु कायद्याचा मुख्य गाभा कायम राखला. संविधानाच्या ४७ व्या अनुच्छेदाने औषधी प्रयोजनाव्यतिरिक्त मादक पेयांच्या सेवनास बंदी घालण्याचा प्रयत्न करणे हे राज्याचे कर्तव्य सांगितले आहे. मद्यविषयक प्रत्येक वादाच्या पार्श्वभूमीस हे मार्गदर्शक तत्त्व असते.

हक्क की सवलत?

दारू विकणे हा नागरिकाचा मूलभूत हक्क आहे काय, या प्रश्नाचा ऊहापोह न्यायालयांनी चार दशके केला. अजमेर येथील दारू दुकानांच्या लिलावातून उद्‌भवलेल्या कुंवरजी भरुचा प्रकरणात १९५४ साली सर्वोच्च न्यायालयाने असे सांगितले की, किरकोळ दारूविक्री करण्याचा अंगभूत हक्क कोणासही नाही. पुढे १९६७ साली जम्मू-काश्मीरमधील कृष्णकुमार नरुला प्रकरणात न्यायालयाचा सूर थोडा बदलला. मद्याचा व्यवहार हाही व्यवसायच होय आणि त्यावर वाजवी निर्बंध घालता येतात, असे त्या वेळी म्हटले गेले. १९७५ साली पंजाबमधील हरशंकर प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या पीठाने पुन्हा स्पष्ट केले की, मद्यविक्री हा राज्याचा अनन्य विशेषाधिकार आहे, आणि लिलावात बोली बोलून दुकान घेणाऱ्यास मागाहून त्याच अटी जाचक आहेत अशी तक्रार करता येणार नाही.

या मतभेदांचा मेळ १९९४ साली खोडे डिस्टिलरीज विरुद्ध कर्नाटक राज्य या प्रकरणात घातला गेला. न्यायमूर्ती प. बा. सावंत यांनी लिहिलेल्या या निर्णयाचे सार दोन भागांत सांगता येते. पहिला भाग असा की, मद्याचा व्यापार करण्याचा मूलभूत हक्क नागरिकास नाही. राज्य तो पूर्णपणे बंद करू शकते किंवा स्वतःकडे ठेवू शकते. दुसरा भाग असा की, राज्याने एकदा हा व्यापार खाजगी व्यक्तींना खुला केला, तर त्यांच्यात मनमानी भेदभाव करता येणार नाही.

या दुसऱ्या भागाकडे बरेचदा दुर्लक्ष होते, आणि आदेश कोसळतात ते नेमके येथेच. अनुज्ञप्ती ही सवलत आहे. म्हणून ती कशीही काढून घेता येईल, असा समज काही कार्यालयांत आढळतो. प्रत्यक्षात दारू विकण्याचा हक्क कोणास नसला, तरी आपल्याबाबतचा निर्णय कायद्याप्रमाणे व्हावा हा हक्क दुकानदारास आहे, आणि तितकाच तो दुकानाशेजारी राहणाऱ्या कुटुंबासही आहे.

धोरण ठरविण्याचे काम मात्र न्यायालय स्वतःकडे घेत नाही. केरळ शासनाने मद्यगृहे केवळ पंचतारांकित हॉटेलांपुरती मर्यादित केली, तेव्हा इतर हॉटेलचालक न्यायालयात गेले. २९ डिसेंबर २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते धोरण वैध ठरविले. दुकाने किती असावीत हे शासनाने ठरवावे. ठरलेले धोरण सर्वांना सारखे लागू होते की नाही हे न्यायालयाने पाहावे, अशी ही विभागणी आहे.

रद्द करण्याचे दोन मार्ग

अनुज्ञप्ती रद्द वा निलंबित करण्याच्या तरतुदी अधिनियमाच्या कलम ५४ आणि ५६ मध्ये आहेत. कलम ५४ दोषासाठी आहे. शुल्क न भरणे, अटींचा भंग, या कायद्याखालील अपराधाबद्दल शिक्षा, किंवा खोटी माहिती देऊन अनुज्ञप्ती मिळविणे, अशी कारणे त्यात नमूद आहेत. आणि कारणे लेखी नोंदविणे आवश्यक आहे. कलम ५६ इतर कारणांसाठी आहे. त्यान्वये किमान पंधरा दिवसांची लेखी सूचना देऊन, किंवा कारणे नोंदवून तत्काळ, अनुज्ञप्ती रद्द करता येते.

आदेश कोणत्या कलमाखाली काढावयाचा हे अधिकाऱ्याने प्रथम ठरविले पाहिजे. नोटिशीत अटीच्या भंगाचा आरोप आणि अंतिम आदेशात लोकांच्या विरोधाचे कारण, अशी गल्लत झाली की अपिलात दुकानदाराचे काम सोपे होते. ज्या कारणाची नोटीसच मिळाली नाही त्याला उत्तर देण्याची संधी आपणास मिळाली नाही, एवढा एकच मुद्दा त्यास पुरतो.

अपिलाच्या पायऱ्या

अपिलाची तरतूद कलम १३७ मध्ये आहे. जिल्हाधिकारी व आयुक्त यांच्याखेरीज अन्य अधिकाऱ्याने दिलेल्या आदेशाविरुद्ध साठ दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील करता येते. जिल्हाधिकाऱ्यांनी मूळ आदेश दिला असल्यास त्याविरुद्ध नव्वद दिवसांत राज्य उत्पादन शुल्क आयुक्तांकडे अपील होते. आयुक्तांच्या मूळ आदेशाविरुद्ध शासनाकडे दाद मागता येते. याखेरीज कलम १३८ अन्वये शासन कोणत्याही कार्यवाहीचे कागदपत्र मागवून पुनरीक्षण करू शकते. अपील हा पक्षकाराचा कायदेशीर हक्क होय. पुनरीक्षण हा शासनाचा अधिकार होय. अर्ज कोणत्या कलमाखाली केला हे त्यावर स्पष्ट असावे.

या पायऱ्या संपल्यानंतर उच्च न्यायालयाचा मार्ग येतो. 'हायकोर्टात अपील केले' असे म्हणण्याची पद्धत असली तरी ते अपील नसते. संविधानाच्या अनुच्छेद २२६ वा २२७ खालील तो रिट अर्ज असतो. हा फरक केवळ नावाचा नाही. अपील ऐकणारा अधिकारी पुरावा पुन्हा तपासू शकतो. दुकान शाळेपासून किती अंतरावर आहे हे नव्याने मोजण्यास सांगू शकतो. उच्च न्यायालय सामान्यतः त्या तपशिलात शिरत नाही. निर्णयाची प्रक्रिया सदोष होती काय, एवढेच ते पाहते. त्यामुळे जो पुरावा पहिल्या पायरीवर दाखल केला नाही, तो उच्च न्यायालयात उपयोगी पडेल या भरवशावर राहणे धोक्याचे असते. खालच्या कार्यालयातील दप्तरावरच वरचा निकाल अवलंबून असतो.

आदेश कोणाचा आणि कसा

निर्णय घेण्याचा अधिकार कायद्याने ज्यास दिला, त्यानेच आपल्या विवेकाने तो वापरला पाहिजे. या तत्त्वाचे एक मूळ उदाहरण मुंबईतलेच आहे. मात्र ते दारूच्या दुकानाचे नसून चित्रपटगृहाचे आहे. अंधेरी येथे चित्रपटगृह बांधण्यास पोलीस आयुक्तांनी दिलेली परवानगी १९४७ साली रद्द केली; परंतु शासनाच्या निर्देशावरून परवानगी रद्द करण्यात येत आहे, असे पत्रात लिहिले. नियमांप्रमाणे रद्द करण्याचा अधिकार स्वतः आयुक्तांचा होता. गोर्धनदास भानजी या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९५१ साली असे ठरविले की, हा आयुक्तांचा स्वतःचा निर्णय म्हणता येणार नाही. तसेच सार्वजनिक आदेशाचा अर्थ त्याच्या शब्दांवरूनच लावला पाहिजे, अधिकाऱ्याच्या मनात काय होते याच्या मागाहून दिलेल्या खुलाशावरून नव्हे.

अनुज्ञप्तीच्या बाबतीत या निर्णयाचे महत्त्व मोठे आहे. "वरिष्ठांच्या सूचनेनुसार" किंवा "जनभावना लक्षात घेता" एवढ्याच शब्दांवर काढलेला आदेश अपिलात उभा राहत नाही. दुकानामुळे कोणता त्रास होतो, तो कोणत्या जबाबावरून वा पंचनाम्यावरून दिसून आला, दुकानदाराने काय उत्तर दिले आणि ते का मान्य केले नाही, या चार गोष्टी आदेशात असाव्या लागतात. प्रतिज्ञापत्रात मागाहून घातलेली कारणे आदेशातील उणीव भरून काढू शकत नाहीत.

परिसराची गरज व सुरक्षितता हे अनुज्ञप्ती नाकारण्याचे योग्य कारण ठरू शकते, हे तत्त्व याहूनही जुने आहे. इंग्लंडमधील केंटमेअर या दुर्गम खेड्यातील एका पथिकगृहाच्या मद्यविक्रीच्या अनुज्ञप्तीचे नूतनीकरण तेथील दंडाधिकाऱ्यांनी नाकारले. चालकाच्या वर्तनाबद्दल तक्रार नव्हती; परंतु जागा पोलिसांच्या देखरेखीपासून दूर होती आणि त्या परिसरास तिची गरज नव्हती. शार्प विरुद्ध वेकफील्ड या नावाने प्रसिद्ध असलेल्या या प्रकरणात तेथील सर्वोच्च अपील न्यायासनाने, म्हणजे उमरावांच्या सभागृहाने, १८९१ साली हा नकार योग्य ठरविला. मात्र स्वेच्छाधिकार हा खाजगी मतानुसार नव्हे, तर विवेक व न्याय यांच्या नियमांनुसार वापरावयाचा असतो, असेही त्या वेळी सांगितले गेले. भारतीय न्यायालयांनीही हेच तत्त्व मानले आहे.

अंतराचा प्रश्न

अपिलांत वारंवार येणारा वाद अंतराचा होय. शाळा, धार्मिक स्थळ इत्यादींपासून दुकान किती दूर असावे हे नियमांत ठरवून दिलेले असते. ऐकण्यास सोपी वाटणारी ही गोष्ट प्रत्यक्षात गुंतागुंतीची ठरते. मोजणी शाळेच्या इमारतीपासून की आवाराच्या फाटकापासून? सरळ रेषेत की पायवाटेने? शाळा आधीची की दुकान आधीचे? नियमात जी पद्धत सांगितली असेल तिनेच मोजणी व्हावी, दोन्ही पक्षांस आगाऊ कळवावे, नकाशा काढून त्यावर पंचांच्या सह्या घ्याव्यात. मोजणीच्या दिवशी शाळेतर्फे मुख्याध्यापक हजर राहिले, आणि शाळेच्या मान्यतेचे वर्ष व फाटकाची जागा दाखविणारी कागदपत्रे त्यांनी दाखल केली, तर पुढचे कित्येक वाद टळतात.

अंतराच्या मोजणीची नेमकी व्याख्या किती महत्त्वाची असते, हे महामार्गालगतच्या दुकानांच्या प्रकरणात दिसून आले. तमिळनाडू राज्य विरुद्ध के. बालू या प्रकरणी १५ डिसेंबर २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय व राज्य महामार्गांच्या बाहेरील कडेपासून ५०० मीटरच्या आत दारूची दुकाने असू नयेत, असा आदेश दिला. रस्त्यावरील अपघात रोखणे हा त्यामागील हेतू होता. ३१ मार्च २०१७ रोजी त्यात बदल होऊन २०,००० पर्यंत लोकसंख्या असलेल्या स्थानिक संस्थांच्या क्षेत्रात हे अंतर २२० मीटर करण्यात आले. ११ जुलै २०१७ रोजी चंदीगड येथील प्रकरणात, हा आदेश नगरपालिका हद्दीतील अनुज्ञप्त दुकानांना मनाई करीत नाही, असे स्पष्ट करण्यात आले. आणि २३ फेब्रुवारी २०१८ रोजी ग्रामपंचायत क्षेत्रांबाबत असाच विचार करण्याची मुभा राज्यांना देण्यात आली.

सव्वा वर्षाच्या काळात झालेल्या या बदलांचा परिणाम गावांवर झाला. महामार्गावरून हललेली दुकाने वस्त्यांच्या जवळ जागा शोधू लागली आणि स्थलांतराविरुद्ध नव्या तक्रारी उभ्या राहिल्या. यावरून हे ध्यानात येते की, दुकानाचे स्थलांतर हा मूळ अनुज्ञप्तीइतकाच गंभीर विषय आहे. दुकान एका ठिकाणाहून उठते तेव्हा ते कोठे जाऊन बसते, इकडेही लक्ष ठेवले पाहिजे.

मतपेटीतील बहुमत

दुकान बंद करण्यासाठी मतदानाचा जो मार्ग आहे, तो महाराष्ट्रात 'आडवी बाटली' या नावाने लोकांना ठाऊक आहे. २००८ च्या शासन आदेशाने घालून दिलेल्या पद्धतीनुसार, गावातील किंवा प्रभागातील किमान २५ टक्के महिला मतदारांनी अथवा एकूण मतदारांनी मागणी केल्यास, तिची पडताळणी करून गुप्त मतदान घ्यावयाचे आणि निम्म्याहून अधिक मतदारांनी दुकानाविरुद्ध कौल दिल्यास जिल्हाधिकाऱ्यांनी दुकान बंद करावयाचे.

येथे एक बाब नीट समजून घेतली पाहिजे. हे बहुमत मतदानास आलेल्यांचे नसून यादीतील मतदारांचे असते. समजा, एखाद्या गावात १,२०० महिला मतदार आहेत. मागणीसाठी ३०० सह्या लागतील. मतदानास ७०० महिला आल्या आणि त्यांतील ५९० जणींनी दुकानाविरुद्ध मत दिले, तर सभेच्या दृष्टीने तो प्रचंड विजय होय. परंतु कायद्याच्या दृष्टीने दुकान चालूच राहील, कारण ६०० चा टप्पा ओलांडला गेला नाही. ऊसतोडीसाठी परगावी गेलेली, माहेरी वा सासरी स्थायिक झालेली, किंवा निधन पावूनही यादीतून नाव न निघालेली महिला या हिशेबात दुकानाच्या बाजूनेच मोजली जाते. म्हणून सह्यांच्या मोहिमेपूर्वी मतदार यादी शुद्ध करून घेणे, आणि बहुसंख्य लोक गावात असतील असा काळ निवडण्याची विनंती करणे, हे पंचायतीचे पहिले काम ठरते.

असे मतदान अपिलात आव्हान दिले जाते तेव्हा सह्यांची पडताळणी, मतदानाची पूर्वसूचना, यादीचा भाग आणि मतमोजणीचे कागद यांवरच हल्ला होतो. एकाच हस्ताक्षरातील दहा सह्या आढळल्या, तर उरलेल्या खऱ्या सह्यांवरही संशयाची छाया पडते. उत्साहाच्या भरात केलेली ही चूक गावाला फार महाग पडते. मतदानाच्या वेळी लागू असलेला आदेश मूळ स्वरूपात वाचून त्याप्रमाणेच पाऊल टाकावे.

अनुसूचित क्षेत्रातील ग्रामसभांची स्थिती अधिक बळकट आहे. पंचायतविषयक तरतुदी अनुसूचित क्षेत्रांना लागू करणाऱ्या १९९६ च्या केंद्रीय कायद्याने मादक पदार्थांच्या विक्रीस व सेवनास बंदी घालण्याचा, नियमन करण्याचा वा निर्बंध घालण्याचा अधिकार पंचायती व ग्रामसभा यांना देण्याची तरतूद केली. महाराष्ट्राने त्याचे नियम २०१४ साली केले. अधिकार मोठा असला तरी सभेची सूचना, गणपूर्ती व इतिवृत्त यांची आवश्यकता तेथेही कमी होत नाही.

दाद कोणी मागावी?

प्रतिस्पर्धी दुकानदाराने शेजारच्या अनुज्ञप्तीस हरकत घ्यावी, असेही प्रकार घडतात. गुजरातमधील मेहमदाबाद येथील चित्रपटगृहाविषयीच्या जसभाई देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, केवळ धंद्यातील स्पर्धा वाढेल या कारणाने कोणी बाधित व्यक्ती ठरत नाही. मात्र त्या जागेच्या जवळ राहणारे रहिवासी आणि शाळा, मंदिर, मशीद यांसारख्या संस्थांशी संबंधित व्यक्ती यांचा विशेष हितसंबंध त्याच निर्णयात मान्य केला गेला. गावाने अर्ज करताना ही गोष्ट ध्यानात ठेवावी. दुसऱ्या दुकानदाराने पुढे केलेला आणि गावाच्या नावाने चालविलेला अर्ज न्यायालयापुढे दुबळा ठरतो. ज्यांच्या घरासमोर, शाळेसमोर दुकान आहे त्यांचा अर्ज बळकट ठरतो.

स्थगिती आणि काळ

अनुज्ञप्तीचे वर्ष १ एप्रिलपासून ३१ मार्चपर्यंतचे असते. अपिलास लागणारा वेळ पाहता, निकाल लागेपर्यंत वादग्रस्त अनुज्ञप्तीचे वर्ष संपून नूतनीकरणही झालेले असते. म्हणून अंतरिम स्थगितीस विलक्षण महत्त्व प्राप्त होते. स्थगिती मिळाली तर हरलेला दुकानदारही महिनोन्‌महिने विक्री करू शकतो. ती नाकारली गेली, आणि पुढे रद्द करण्याचा आदेशच चुकीचा ठरला, तर निर्दोष दुकानदाराचे झालेले नुकसान सहसा भरून निघत नाही.

यावर उपाय म्हणजे स्थगितीचा अर्जही दोन्ही बाजू ऐकून, कारणे देऊन व शक्य तितक्या लवकर निकालात काढणे. अपील दाखल झाल्याचे समजताच गावाने आपले म्हणणे लेखी मांडण्याची परवानगी मागावी. मतदान जिंकल्यावर आपले काम संपले असे समजून गाव स्वस्थ बसले, तर अपिलात एकच बाजू ऐकली जाण्याचा संभव असतो.

दारूचे दुकान बंद व्हावे असे वाटणाऱ्या आईची तळमळ आणि अनुज्ञप्तीवर संसार चालविणाऱ्या दुकानदाराची चिंता, या दोहोंचे वजन न्यायालयाच्या तराजूत पडते ते कागदाच्या रूपाने. नोटीस, जबाब, पंचनामा, नकाशा, यादी, इतिवृत्त आणि सकारण आदेश हे ते कागद होत. ते गावात आणि तालुक्यात तयार होतात, मुंबईत वा दिल्लीत नव्हे. ग्रामसेवकाने लिहिलेले इतिवृत्त, मुख्याध्यापकाने दिलेला दाखला आणि निरीक्षकाने केलेली मोजणी ज्या गावात चोख असते, त्या गावाचा निर्णय अपिलाच्या शेवटच्या पायरीपर्यंत टिकून राहण्याची शक्यता मोठी असते.